दिवाळीची सुई

"शेठ, तीन महिन्यावालं इंजेक्शन या खेपेला नाही. पुढच्या खेपेलाही धरू नका."

प्रवीणनं हे माझ्याकडं न बघता सांगितलं. प्रवीण म्हणजे नाशिकच्या स्टॉकिस्टचा सेल्समन. मोखाड्याला माझं मेडिकल आहे, तिथं तो पंधरवड्याला ऑर्डर घ्यायला येतो. काउंटरला टेकून मोबाईलवर बोट फिरवत होता. वाईट बातमी द्यायची झाली की हल्लीची माणसं मोबाईलकडं बघून बोलतात.

"नाही म्हणजे? माल संपला?"

"संपला नाही. आम्ही ठेवायचंच बंद करतोय. मार्जिन राहिलं नाही त्यात."

"अरे, दिवाळी तोंडावर आली. मला आत्ताच लागतं ते."

"तेच ना, शेठ. तुम्हाला आत्ता लागतं. बाकी महिने कोण विचारत नाही. सगळा घोळ तोच आहे."

आता हे नीट सांगतो, कारण मेडिकलच्या बाहेरच्या माणसाला यातलं काही ठाऊक नसतं.

मी चौथी शिकलोय. जव्हारला एका मेडिकलात झाडू मारायला लागलो. खोक्यांवरची नावं बघून बघून इंग्रजी अक्षरं शिकलो, आणि पुढं मोखाड्याला स्वतःचं दुकान घातलं. लायसन्स पूर्वी पगारी फार्मासिस्टच्या नावावर असायचं, आता सुनेच्या नावावर आहे. सून सुनंदा, डी. फार्म. झालेली. कागदावर दुकान तिचं आहे, पण चालवतो मी.

ते इंजेक्शन म्हणजे दिवस राहू नयेत म्हणून बायका घेतात ते. एकदा घेतलं की तीन महिने काळजी नाही. आमच्याकडं त्याला सुई म्हणतात. डॉक्टर चिठ्ठी देतो, आम्ही बाटली देतो, टोचतो डॉक्टरच. सरकारी दवाखान्यात हीच सुई फुकट मिळते. मग विकत कोण घेतं? जिला कुणाला कळू द्यायचं नाही ती घेते. पाड्यावरच्या बायका सरकारी दवाखान्यात चौघीचौघी मिळून जातात. एकीनं काय घेतलं ते बाकीच्या तिघींना तिथंच दिसतं, आणि संध्याकाळपर्यंत सासूला कळतं. माझ्याकडं बाई खोकल्याच्या औषधाच्या निमित्तानं येते.

दुसरी गोष्ट. आमच्या भागातली ज्यांना जमीन नाही अशी माणसं दिवाळी झाली की वीटभट्टीवर जातात. भिवंडी, वसई, कुठं कुठं. मुकादम गाडी घेऊन येतो, नवराबायकोची जोडी उचलतो, पोरं त्यांच्याबरोबर. होळीला चार दिवस माघारी येतात, परत जातात, ते पाऊस यायच्या आधी कायमचे येतात. म्हणून आमच्याकडं सुईसुद्धा सणावारी चालते. बायकांनी तिला नावंच दिलीत. दिवाळीची सुई थोडी ताणून होळीपर्यंत पुरते, होळीची सुई पेरणीपर्यंत. भट्टीवर असताना सुट्टी नाही, डॉक्टर नाही, कुणाला विचारायची सोय नाही. जे काय करायचं ते गाडी सुटायच्या आधी.

आता मार्जिन. कंपनी माल बनवते, स्टॉकिस्ट ठेवतो, मी विकतो. खोक्यावर किंमत एकच छापलेली, एमआरपी. त्या एका आकड्यातच तिघांचं पोट. सरकार सुई फुकट द्यायला लागलं, चांगलंच केलं. पण फुकटच्या शेजारी बसून कुणाला भाव वाढवता येत नाही. त्यात दुसऱ्या एका कंपनीनं भाव पाडला, मग आमच्या कंपनीनंही पाडला. काच महागली, डिझेल महागलं, एमआरपी तिथंच. मग कंपनीनं स्टॉकिस्टचा टक्का छाटला, आणि स्टॉकिस्टनं माझी स्कीम काढून घेतली. स्कीम म्हणजे दहा घेतले की वर एक फुकट. छोट्या मेडिकलवाल्याची कमाई त्या वरच्या एकातच असते. ती गेल्यावर एका सुईमागं मला कटिंग चहा सुटायचा. तरी मी ठेवत होतो.

प्रवीणनं बॅगेतून एक गुळगुळीत रंगीत कागद काढला. "हे बघा, नवीन आलंय. काम तेच. यात मार्जिन झकास आहे. तुम्हालाही, आम्हालाही."

मी एमआरपी बघितली आणि कागद परत केला. "ही किंमत मोखाड्यातली बाई देणार? बाईची तीन दिवसांची मजुरी जाईल यात."

"मग ज्या देतील त्यांच्यापुरतं ठेवा."

"तशा बायका नाशकात राहतात. मला हीच पाठव, जुनी."

"बघतो," म्हणाला. सेल्समनच्या 'बघतो'चा अर्थ मला चांगला कळतो. सुनंदा आतून ऐकत होती. तो गेल्यावर म्हणाली, "आबा, नवीनमधलं एक तरी मागवून ठेवा. अडीनडीला असू दे. आपण तोटा सोसू."

"तोट्यात विकायला मी दुकान घातलं नाही. जुनी येईल."

ती गोळ्यांची पाकिटं लावत राहिली.

त्याच दिवशी दुपारी काशी आली. पोशेऱ्याकडच्या एका पाड्यावरची. घरची जमीन नाही, नवराबायको मिळेल ती मजुरी करायची. तीन मुली. तिसरीच्या बाळंतपणात ती जायचीच राहिली होती. अंगात रक्त नव्हतं, ते नंतरही भरलं नाही. आमच्या गल्लीत दवाखाना आहे त्या डॉक्टरबाईंनी तिला बजावून सांगितलं होतं, चौथं नको, आता चौथं झेपणार नाही. पण घरी हे बोलायची सोय नव्हती. सासूनं नवऱ्याच्या डोक्यात भरवलं होतं, की सुई घेणारी बाई भट्टीवर सरळ वागत नाही. काशीला सगळ्यात भीती जावेची होती. मोठी जाऊ, एकाच अंगणात राहायची, आणि तिच्या नजरेतून काही सुटायचं नाही. गोळ्या सुनंदानं मागं एकदा देऊन बघितल्या होत्या. काशी म्हणाली, "झोपडीत लपवू कुठं? मिठाच्या डब्यात?"

ती काउंटरच्या कडेला उभी राहिली. गिऱ्हाईक गेल्यावर हळूच म्हणाली, "शेठ, दिवाळीची सुई हाय ना?"

"आज नाही. येतेय."

"दिवाळी झाली का बाजाराच्या दुसऱ्या दिशी मुकादम गाडी काढनार. नसंल तर आताच सांगा. सरकारीत जाईन. जाऊबाय बघंल तर बघंल, काय व्हायचं तं होईल."

"कशाला जातेस? बाजाराच्या दिवशी ये. मी ठेवतो."

"नक्की ना?"

"माझ्या दुकानात कधी 'नाही' ऐकलंस?"

ती हसली. "नाय, शेठ. तं नाय आयकलं."

हे खरं होतं. माझ्या दुकानाची तीच ख्याती. साप चावल्याचं औषध सोडून बाकी काहीही मागा, आज नसेल तर उद्या मिळेल. जव्हारची माणसंसुद्धा माझ्याकडं यायची.

पुढच्या खेपेचं पार्सल आलं. उघडलं. तापाच्या गोळ्या, मलम, सलाईनचे सेट. सुई नव्हती. स्टॉकिस्टला फोन लावला तर माणूस म्हणाला, शेठ जेवायला गेलेत. परत लावला, अजून जेवतच होते. जव्हारला माझा एक जुना सोबती मेडिकल चालवतो, त्याला विचारलं. तो म्हणाला, "मी कधीच बंद केलं. अर्ध्या चहासाठी एक्सपायरीची डोकेदुखी कोण घेतो?"

मी सुनंदाला म्हटलं, मी स्वतः जातो. बाजाराच्या आदल्या दिवशी पहिल्या एसटीनं निघालो. तोरंगणचा घाट चढताना मनात एकच, की समोर बसलं की कोण नाही म्हणतो बघू.

स्टॉकिस्ट शेठ समोरच बसला होता, आणि बरोबर कंपनीचा एरिया मॅनेजर. तरुण, इस्त्रीचा शर्ट, पुढ्यात लॅपटॉप. मला बरंच वाटलं. दोघं एकदम सापडले.

मी म्हटलं, "साहेब, आमच्याकडचं इंजेक्शन का तोडलं?"

त्यानं लॅपटॉप माझ्याकडं वळवला. "काका, तुमच्या तालुक्याचा सेल बघा. काही नाही, काही नाही, मग एकदम उडी, परत काही नाही. आम्ही महिन्याची सरासरी बघतो. सरासरीत तुम्ही बसतच नाही."

"जिथं काही नाही, तिथं माणसंच गावात नसतात, साहेब. भट्टीवर असतात."

"मग भट्टीजवळच्या मेडिकलमधून घेतील की."

"त्यांना तिथून हलू देत नाहीत. एक दिवस बाई विटा थापायला बसली नाही तर दोघांचा खाडा लावतात."

"मग काका, ही तुमची गरज झाली. डिमांड नाही झाली." त्यानं हे अगदी सरळ सांगितलं, जसं मी गिऱ्हाइकाला सांगतो की ही गोळी जेवणानंतर. "या मालात आता कंपनीलाच काही उरत नाही. माझ्या वरचा मला विचारतो, नको तिथं गाडी का पाठवतोस. मी त्याला काय सांगू?"

माणूस वाईट नव्हता. त्यानं मला चहा पाजला. चहा पिताना मला कळलं की याच्याशी भांडून उपयोग नाही, याच्या हातात काही नाही.

मग स्टॉकिस्ट बोलला. "शेठ, माझंही ऐका. या एका बॉक्सवर मला जे सुटतं त्यात घाटाच्या तोंडापर्यंतसुद्धा डिझेल होत नाही. बरोबर दोन खोकी कफ सिरप चढवलं तर गाडी परवडते."

"मग सिरप घेतो."

"मागच्या महिन्यातही घेतलंत. किती खोकता हो तुम्ही मोखाड्यात?"

मॅनेजर हसला. मी हसलो नाही. मी उठलोही नाही. गिऱ्हाइकं आली, गेली, मी तिथंच बसून. दुपार कलली तसा स्टॉकिस्ट कंटाळला. त्यानं गोदामातून एक बॉक्स मागवला. कंपनीला परत धाडायला दोरीनं बांधून ठेवलेला. "शेवटचा आहे. एक्सपायरी जवळ आलीय. सुटा देणार नाही, पूर्ण घ्या. रोख. आणि शिल्लक राहिला तर माझ्याकडं आणायचा नाही."

"बिल फाडा," मी म्हटलं. बिलाशिवाय माल दुकानात आणला तर सुनंदा मला माल घेऊन बाहेर उभं करते.

बॉक्स घेतला, सिरप घेतलं. परतीची गाडी चुकली, म्हणून स्टँडजवळच्या लॉजवर राहिलो आणि सकाळच्या पहिल्या एसटीनं परत आलो. बाजाराचा दिवस. शब्द दिला होता त्याच दिवशी. दुकानात शिरून बॉक्स काउंटरवर ठेवला आणि म्हटलं, "बघ. आणला की नाही?"

सुनंदानं बॉक्सकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. "आबा, काशी काल येऊन गेली."

"काल? बाजार आज आहे."

"यंदा पाऊस लवकर उघडला. भट्टीवाल्यानं गाडी आधीच धाडली. टेम्पो स्टँडवर उभा होता, ती धावत आली. मी सांगितलं, आबा नाशिकला आणायलाच गेलेत. मग म्हटलं, चल, मी येते तुझ्याबरोबर सरकारी दवाखान्यात, अर्ध्या तासाचं काम. आम्ही पायरी उतरलो आणि हॉर्न वाजला. नवरा हाका मारायला लागला. ती गेली."

"काय म्हणाली?"

"म्हणाली, शेठनी आनली तर ठेवा, होळीला घेईन."

नेहमीच्या बाकीच्या बायकांना सुनंदानं माझ्या माघारी आधीच सरकारी दवाखान्याकडं वळवलं होतं. कुणी पोराला ताप आल्याचं सांगून गेली, कुणी कसं. घेऊन आल्या. त्यांना मी शब्द दिला नव्हता.

मी मुकादमाचा नंबर मिळवला. फोन लावला. "तुझ्या गाडीत पोशेऱ्याकडची काशी आहे, ती कुठल्या भट्टीवर उतरली?"

"कोनती काशी? माझ्याकडं जोड्यांचा हिशेब असतो. नवऱ्याचं नाव सांगा, लगेच बोलावतो त्याला. काय काम व्हतं? मेडिकलवाल्याचं काय काम तिच्याकडं?"

आता काय सांगणार? नवऱ्याला बोलाव आणि सांग की मेडिकलचा शेठ तुझ्या बायकोला शोधतोय? जी गोष्ट लपावी म्हणून ती माझ्याकडं येत होती, तीच मी भट्टीवर ओरडून सांगायची? मी म्हटलं, "काही नाही, राँग नंबर," आणि फोन ठेवला. त्याला माझा आवाज ओळखू आला असणार.

कफ सिरप आठ दिवसांत खपलं. सुया तशाच राहिल्या, बाकीच्या बायकांची सोय आता सरकारीतच झाली होती. मी त्या मुद्दाम दर्शनी फळीवर ठेवल्या, डोळ्यांसमोर.

होळीला माणसं आली. काशी दुसऱ्याच दिवशी दुकानात. अंगावर नवं लुगडं, चेहरा पार पांढरा. फळीवरचा बॉक्स तिला दारातूनच दिसला. "आली ना सुई! द्या मंग."

सुनंदानं आधी तपासायची पट्टी दिली आणि तिला मागच्या मोरीत पाठवलं. ती बाहेर आली आणि पट्टी काउंटरवर ठेवली. दोन रेघा. तिला त्या वाचायला येत नव्हत्या. ती आमची तोंडं बघत होती, आणि तोंडांवरून तिला कळलं.

डॉक्टरबाईंकडं नेलं. त्या म्हणाल्या, "अजून वेळ आहे, मी चिठ्ठी देते, नाशिकला मोकळी होशील. दोन दिवस लागतील."

"दोन दिस कुटं गेली व्हती म्हनून काय सांगू, बाई? परवा गाडी सुटंल."

आम्ही तिघांनी समजावलं. ती ऐकत होती. मान हलवत होती. पण माणूस हो म्हणायला हलवतो तशी नाही. जाताना सुनंदानं लोहाच्या गोळ्या दिल्या. त्या तिनं उघड हातात धरल्या, त्या लपवायचं कारण नव्हतं. पायरी उतरता उतरता मागं वळून मला म्हणाली, "तुमी आनली व्हती, शेठ. सून बोलली मना. नाशकाला जाऊन आनली व्हती तुमी."

मला त्या दिवशी त्या बाईचा राग आला. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

पाऊस लागल्यावर ती गावी आली. श्रावणात डॉक्टरबाई दुकानाच्या पायरीवर येऊन उभ्या राहिल्या. छत्री मिटली नाही. म्हणाल्या, "तुमची ती काशी. सातव्या महिन्यातच सुरू झालं. गाडीत घातली, वाटेतच गेली. मूलही." आणि निघून गेल्या.

सुनंदा म्हणते, महागडी सुई मागवली असती तर ती वेळेत आली असती. मी म्हणतो, आली असती तरी टोचून घ्यायला वेळ नव्हता, हॉर्न वाजलाच असता. आमच्यात यावर अजून एकमत झालेलं नाही. एवढ्यात ती हा विषय काढत नाही, मीही काढत नाही.

दिवाळीच्या आधी प्रवीण आला. बॉक्सची तारीख उलटून गेली होती. मी म्हटलं, "हे घेऊन जा."

"तेव्हाच ठरलं होतं, शेठ, परत नाही." त्यानं आतल्या बाटल्या मोजल्या आणि मोबाईलवर काहीतरी दाबलं. "साहेबांना दाखवतो. बॉक्स तसाच पडला. म्हणजे बरोबरच होतं त्यांचं. तुमच्या तालुक्यातून हा माल आता यादीतूनच गेला."

"पुन्हा मागायचा झाला तर?"

"यादीतच नाही तर मागणार कसा?"

तो गेला आणि थोड्या वेळानं एक बाई आली. काउंटरच्या कडेला उभी राहिली, अगदी काशी उभी राहायची तिथंच. गिऱ्हाईक जाईपर्यंत थांबली. मग पदर पुढं ओढून म्हणाली, "शेठ, ती तीन महिन्याची सुई तुमच्याकडं भेटं ना? आमची काशी घेत व्हती ती."

मी विचारलं, "तू कोण?"

"तिची मोठी जाऊ."

मी काउंटरवर पुढं वाकलो. "तुला माहीत होतं?"

"एका अंगनात राहतो, शेठ. खोकला नाय न खोकल्याचं औषध आनं. मना ठाव नसंल? मी कुनाला बोलली नाय." मग म्हणाली, "तिला वाटं, मना ठाव नाय. वाटू दे, मनात बोलली मी. हाय का सुई?"

दुकान उघडल्यापासून जो शब्द मी कुणाला बोललो नव्हतो, तो बोललो. "नाही. आणि येणारही नाही. माझी वाट बघू नकोस. सरकारी दवाखान्यात जा, फुकट आहे. आत्ता जा. कुणी बघितलं तर बघू दे."

ती गेली. बाजाराच्या गर्दीतून तिकडंच वळली की दुसरीकडं, ते मला इथून दिसलं नाही.

धंद्यात इतकी वर्षं काढून मी एवढंच शिकलो. ज्या मालात कुणालाच काही सुटत नाही तो माल घाट उतरत नाही, आणि तो उतरवणं दुकानदाराच्या हातात नाही. दुकानदाराच्या हातात एवढंच असतं, की 'नाही' असेल तर पहिल्याच दिवशी 'नाही' म्हणावं. म्हणजे गिऱ्हाईक वेळेत दुसरीकडं जातं.